मार्केट स्ट्रीटवरील तेरा मिनिटे

दिनांक १८ एप्रिल १९०६ रोजी पहाटे सॅन फ्रान्सिस्को शहर भूकंपाने हादरले आणि पुढे तीन दिवस आगीत जळत राहिले. सुमारे तीन हजार माणसे दगावली. निम्म्याहून अधिक नागरिक बेघर झाले. या उत्पाताचा इतिहास पुष्कळांनी लिहिला आहे. येथे लिहावयाचे आहे ते त्याच्या थोडे आधी घेतलेल्या एका मूकपटाविषयी.

माइल्स बंधूंनी मार्केट स्ट्रीटवरून फेरी बिल्डिंगकडे जाणाऱ्या केबलच्या ट्रामगाडीवर, अगदी पुढच्या बाजूस, कॅमेरा बसविला. गाडी चालली तसे चित्रण होत गेले. कथानक नाही, नट नाहीत. घोडागाड्या आडव्या येतात, मुले रुळांवरून धावतात, एखादा गृहस्थ गाडीखाली येता येता वाचतो. मोटारींचीही गर्दी दिसते. पण नीट पाहिले असता त्यांतील काही मोटारी कॅमेऱ्यापुढून पुनःपुन्हा फिरविलेल्या आहेत, हे ध्यानात येते. सहज वाटणाऱ्या या चित्रातही थोडी सजावट होतीच!

भूकंपापूर्वीच ही फिल्म न्यूयॉर्ककडे रवाना झाली, म्हणून वाचली. बंधूंचा स्टुडिओ मात्र जळाला.

हा पट दीर्घकाळ १९०५ सालचा समजला जाई. शंभराहून अधिक वर्षांनी डेव्हिड कीन या अभ्यासकाने ती समजूत तपासली. चित्रात रस्त्यावर पाणी साचलेले दिसते. म्हणून त्याने जुन्या वर्तमानपत्रांतील पावसाच्या बातम्या चाळल्या. मोटारींचे क्रमांक सरकारी नोंदींशी ताडले, तेव्हा एक मोटार १९०६ च्या आरंभी नोंदलेली निघाली. पट भूकंपाच्या अगदी तोंडावरचा ठरला. रस्त्यावरून निर्धास्त चाललेल्या त्या माणसांकडे मग पूर्वीच्या नजरेने पाहवत नाही.

तो क्रमांक वहीत उतरविणाऱ्या कारकुनाला याची काय कल्पना असणार? आपल्यापैकी अनेकांचे आयुष्य अशाच नोंदी करण्यात जाते, म्हणून मला त्या अनामिकाविषयी आपुलकी वाटते.

आपल्या मुंबईतही हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, म्हणजे सावेदादा, यांनी १८९९ साली हँगिंग गार्डनमधील कुस्ती आणि १९०१ साली रँग्लर परांजपे यांचे स्वागत चित्रित केले होते. त्या फिती आज उपलब्ध नाहीत. तिकडे चित्र टिकले व नोंदीने त्याला तारीख दिली; इकडे चित्र गेले आणि नोंद तेवढी राहिली.