जोतीरावांची अर्पणपत्रिका आणि कोलफॅक्स

१८७३ साली जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी' अमेरिकेतल्या लोकांना अर्पण केली, त्यांनी गुलामांना मुक्त केलं म्हणून. हे आपल्याला शाळेपासून माहीत. मला मात्र फार उशिरा कळलं, की त्याच वर्षी १३ एप्रिलला, ईस्टरच्या रविवारी, लुईझियानातल्या कोलफॅक्स गावात काय घडलं.

१८७२ च्या निवडणुकीचा निकाल वादात होता. दोन्ही पक्ष म्हणत, सरकार आमचंच. कृष्णवर्णीय माणसं (त्यांत काही माजी सैनिकही) तिथलं कोर्ट राखत बसली होती. गोऱ्यांची टोळी आली, चक्क तोफ घेऊन. इमारत पेटवली, शरण आलेल्यांना गोळ्या घातल्या, कैद्यांना रात्री संपवलं. मेलेले किती? कुणी ६० म्हणतं, कुणी १५०. गोरे मेले तीन.

पुढे ९७ जणांवर आरोप ठेवले, दोषी ठरले तिघे. तेही १८७६ मध्ये सुप्रीम कोर्टानं सोडले! चौदावी घटनादुरुस्ती म्हणे राज्यांना बांधते, खाजगी माणसांना नाही. मला खरी भीती या निकालाची वाटते. क्लॅनला आवरायला केंद्रानं १८७० पासून कायदे केले होते, त्यांतली हवाच गेली. आता दाद मागायची ती राज्याकडे, आणि राज्य कुणाच्या हातात होतं ते सांगायला नको.

१९५० मध्ये तिथं सरकारी पाटी लागली. तिच्यावर या कत्तलीला 'दंगल' म्हटलं होतं, वर दक्षिणेतला गैरकारभार इथं संपला असं कौतुकही. ती पाटी २०२१ मध्ये निघाली.