पेडर सरोवर आणि एक पराभूत पक्ष

२२ एप्रिल १९७२ रोजी ऑस्ट्रेलियाच्या दक्षिणेस असलेल्या टास्मानिया बेटात विधानसभेची निवडणूक झाली. त्या निवडणुकीत उतरलेल्या एका पक्षाचे वय अवघे तीस दिवसांचे होते. त्याने बारा उमेदवार उभे केले आणि बाराही पडले. साऱ्या बेटात मिळून त्याला ३.९ टक्के मते मिळाली. ज्या सरोवराच्या रक्षणासाठी तो जन्मला, ते सरोवर त्याच वर्षी पाण्याखाली जाऊ लागले. आणि ते दशक संपण्यापूर्वी पक्षही विरून गेला. अशा पक्षाचा इतिहास सांगण्यासारखा तो काय, असे कोणीही विचारील. परंतु आज जगातील अनेक विधिमंडळांत जे ‘हरित’ पक्ष बसलेले दिसतात, त्यांची वंशावळ लिहिताना बहुतेक अभ्यासक पहिले नाव ह्याच पक्षाचे घालतात. स्वित्झर्लंडमधील न्यूशातेल येथे ह्याच्या थोडे आधी, १९७१ च्या डिसेंबरात, असाच एक गट स्थापन झाला होता, तेव्हा पहिलेपणाचा मान त्याचा, असेही काही जण म्हणतात. तो वाद मला गौण वाटतो. टास्मानियाच्या कथेत खरा प्रश्न निराळाच आहे. राज्यातील दोन्ही मोठे पक्ष एखाद्या गोष्टीवर एकमत झाले, तर ती गोष्ट ज्याला मान्य नाही त्या नागरिकाने मत द्यावे कोणाला?

हे एकमत कसे घडले ते आधी पाहिले पाहिजे. टास्मानिया आकाराने श्रीलंकेहून किंचित मोठे. पण १९७२ साली तेथील लोकवस्ती मात्र चार लाखांच्या आतबाहेर होती. पश्चिमेकडून येणारे वारे तेथील डोंगरांवर वर्षभर पाऊस टाकतात. कोळसा बेताचाच, शेती मर्यादित, आणि तरुण पिढी नोकरीसाठी मुख्य भूमीकडे निघून जाणारी. अशा बेटाला कोसळणाऱ्या पाण्यात दैव दिसले तर नवल नाही. १९१४ मध्ये सरकारने एक डबघाईला आलेली खाजगी वीजकंपनी विकत घेतली, १९१६ मध्ये वाडामाना येथील वीजघर सुरू झाले, आणि १९३० मध्ये जलविद्युत् आयोगाची स्थापना झाली. स्वस्त विजेच्या ओढीने जस्ताचा कारखाना आला, कागदाचा आला, पुढे ॲल्युमिनियमचा आला. एक धरण पुरे होते न होते तोच दुसऱ्याची पाहणी सुरू व्हायची. हजारो कुटुंबांची चूल ह्या बांधकामांवर पेटत होती. आयोग नावाला सरकारच्या हाताखालचा. प्रत्यक्षात सरकारे येत आणि जात, आयोग आपल्या जागी असे. मजूर पक्ष आणि लिबरल पक्ष अन्य बाबतींत कितीही भांडोत, आयोगाच्या आराखड्यावर दोघेही मान डोलावीत.

मुख्य प्रधान एरिक रीस हे ह्या धोरणाचे मूर्तिमंत प्रतीक होते. त्यांना लोक कौतुकाने आणि थट्टेनेही ‘इलेक्ट्रिक एरिक’ म्हणत. पुढे पर्यावरणवाद्यांच्या लिखाणात ते खलपुरुष होऊन बसले, आणि हा त्यांच्यावर अन्याय आहे असे मला वाटते. हा मनुष्य पोरवयात खाणीत उतरला होता, मंदीची बेकारी त्याने अंगावर काढली होती, आणि कामगार संघटनेतून तो वर आला होता. वीज म्हणजे काम आणि काम म्हणजे माणसाची अब्रू, हे त्याचे गणित पुस्तकातून शिकलेले नव्हते. ह्या गणितात एखाद्या सरोवराला जागा नव्हती, एवढेच.

ते सरोवर म्हणजे पेडर. बेटाच्या नैर्ऋत्येस, वस्तीपासून दूर, डोंगरांच्या कुशीत हिमयुगाने घडविलेले हे पाणी. त्याच्या एका काठाला फिकट गुलाबी गारेच्या वाळूची सुमारे तीन किलोमीटर लांबीची चौपाटी होती. उन्हाळ्यात पाणी ओसरले की ती इतकी रुंद आणि घट्ट होई की छोटी विमाने तिच्यावर उतरत. एरवी तेथे जायचे तर रानातून पायी जावे लागे. १९५५ साली हा प्रदेश राष्ट्रीय उद्यान म्हणून घोषित झाला होता. सरकारी कागदावर तरी पेडर कायमचे सुरक्षित होते.

१९६३ मध्ये केंद्र सरकारच्या पैशाने गॉर्डन नदीकडे रस्ता निघाला, आणि रस्त्यामागोमाग धरण येणार हे जाणत्यांनी ओळखले. विचारणा झाली तेव्हा, उद्यानात थोडा फेरफार होईल, एवढेच उत्तर मिळाले. १९६७ मध्ये योजना उघड झाली. हा थोडा फेरफार म्हणजे तीन धरणे बांधून खोरे भरून टाकणे, आणि सुमारे २४० चौरस किलोमीटरच्या जलाशयाखाली सरोवर गडप करणे असा होता. विधिमंडळाने त्याच वर्षी मंजुरी दिली. १९६९ मध्ये रीस यांचा पक्ष पडला आणि लिबरलांचे आघाडी सरकार आले. धरणाचे काम एक दिवसही थांबले नाही. नागरिकाने सरकार बदलून पाहिले होते. आयोग बदलत नव्हता.

ह्या सरोवराला लोकांच्या डोळ्यांसमोर आणले ते आयोगाच्याच एका नोकराने. ओलेगास त्रुखानास हा युद्धानंतर लिथुएनियातून आलेला निर्वासित. दिवसा आयोगात कारकुनी आणि सुटीच्या दिवशी पाठीवर छायायंत्र घेऊन नैर्ऋत्येच्या रानात, असे त्याचे आयुष्य. १९६७ च्या फेब्रुवारीत होबार्टभोवती वणवा पेटला त्यात त्याचे घर आणि छायाचित्रांचा सारा संग्रह जळाला. त्याने पुन्हा हिंडून नवी चित्रे घेतली. १९७१ मध्ये होबार्टच्या नगरभवनात ती पडद्यावर दाखविली तेव्हा सभागृह पुनःपुन्हा भरले. ज्या जागी कधी पाऊल पडणार नाही अशा जागेसाठी शहरातील माणसे हळहळली. १९७२ च्या जानेवारीत गॉर्डन नदीतच त्याला जलसमाधी मिळाली.

मार्च १९७२ मध्ये एका सहकाऱ्याच्या राजीनाम्याने लिबरल आघाडी कोसळली आणि अचानक निवडणूक आली. पेडर बचाव समितीने आतापर्यंत अर्ज केले होते, सभा घेतल्या होते, सह्या गोळा केल्या होत्या. आता महिन्याभरात मतदान व्हायचे होते, आणि मतपत्रिकेवर दोन्ही बाजूंना धरणच होते. २३ मार्च रोजी त्याच नगरभवनात भरलेल्या सभेने ठरविले की निसर्गरक्षणाच्या मुद्द्यावर उमेदवार उभे करावयाचे. त्यातून ‘युनायटेड टास्मानिया ग्रुप’ हा पक्ष जन्मला. विद्यापीठातील वनस्पतिशास्त्रज्ञ डॉ. रिचर्ड जोन्स त्याचे नेते झाले. नावात ‘हरित’ हा शब्द नव्हता. राजकारणातील त्याचा आजचा अर्थ तेव्हा रूढ व्हायचा होता.

एका तळ्यापुरता एक पक्ष, अशी त्याची हेटाळणी झाली. परंतु त्याने ‘नवी नीती’ ह्या मथळ्याची जी सनद काढली, ती वाचली म्हणजे ही टीका टिकत नाही. सर्व निसर्ग ओरबाडण्याचा हक्क माणसाला आहे ही समजूत तीत नाकारली आहे. सत्तेचा दुरुपयोग माणसावर होवो की निसर्गावर, दोन्ही सारखेच निंद्य मानले आहेत. आणि पुढे येणाऱ्या असंख्य पिढ्यांना बेटाचे रूप जसेच्या तसे मिळावे अशा रीतीने स्वतः राहण्याची प्रतिज्ञा आहे. तळ्याचा तंटा म्हणून जे सुरू झाले ते महिन्याभरात राज्यकारभाराच्या तत्त्वापर्यंत पोचले होते.

मतदारांनी मात्र रीस यांनाच पस्तीसपैकी एकवीस जागा देऊन सत्तेवर बसविले. ह्यात मतदारांचा अडाणीपणा शोधू नये. पाचच वर्षांपूर्वी अवर्षणामुळे बेटात वीजकपात सोसावी लागली होती. ती लोक विसरले नव्हते.

निवडणूक हरल्यावर समितीने न्यायालयाकडे धाव घेतली. राष्ट्रीय उद्यान बुडविण्यास कायद्याचा पुरेसा आधार नाही, असे तिचे म्हणणे होते. तेथील रीतीप्रमाणे असा सार्वजनिक हक्काचा दावा चालविण्यास ॲटर्नी जनरलची संमती लागते. त्या पदावर मर्व्हिन एव्हरेट हे रीस यांचेच सहकारी होते. संमती देणे त्यांना योग्य वाटले, मंत्रिमंडळाने अडविले, तेव्हा त्यांनी ते पद सोडले. रीस यांनी पद स्वतःकडे घेतले आणि संमती नाकारली. मग मागाहून एक कायदा करून झालेले सारे वैध ठरविण्यात आले. ह्या कायद्याच्या नावातच ‘शंकानिवारण’ हा शब्द आहे! ज्या सर जॉन पेडर यांचे नाव सरोवराला दिले होते, ते त्या वसाहतीचे पहिले सरन्यायाधीश. त्यांच्या सरोवराला न्यायालयाची पायरी चढता आली नाही.

८ सप्टेंबर १९७२ रोजी ब्रेंडा हीन ही चळवळीतील एक प्रौढ बाई आणि मॅक्स प्राइस हा वैमानिक एका जुन्या ‘टायगर मॉथ’ विमानातून कॅनबेराकडे निघाले. राजधानीच्या आकाशात धुराने सरोवराच्या रक्षणाची हाक लिहावी असा बेत होता. ते पोचले नाहीत. विमानाचा अवशेषही कधी सापडला नाही. उड्डाणापूर्वी विमानघरात कोणी तरी शिरले होते, ह्यावरून पुष्कळ तर्क झाले; सिद्ध काहीच झाले नाही. १९७३ मध्ये केंद्राने नेमलेल्या चौकशी समितीने, पाणी भरणे थांबवा, अशी शिफारस केली आणि केंद्राने खर्चाचा भार उचलण्याची तयारी दाखविली. रीस यांनी ती झिडकारली. खोरे भरले. नव्या जलाशयालाही नाव पेडर सरोवर हेच ठेवले गेले.

येथे कथा संपावयास हवी होती. ती संपली नाही, ह्याचे एक कारण टास्मानियाच्या मतदानपद्धतीत आहे, आणि ह्या कारणाकडे चळवळीची गाणी गाणाऱ्यांचे फारसे लक्ष जात नाही. हेअर-क्लार्क नावाची ही पद्धत बेटात १९०९ पासून सर्वत्र चालू आहे. त्या काळी मतदारसंघ पाच होते आणि प्रत्येकातून सात प्रतिनिधी निवडून येत. मतदार उमेदवारांना पसंतीक्रम देई. आणि साधारण साडेबारा टक्के मतांचा वाटा ज्याला पुरा करता आला त्याला जागा मिळे. एकाच प्रतिनिधीच्या मतदारसंघात छोटा पक्ष जन्मभर डोके आपटीत राहतो. येथे त्याला दार किलकिले होते. पराभूत पक्षाच्या माणसांनी हे हेरले. त्यांतला एक तरुण डॉक्टर बॉब ब्राउन १९७५ मध्ये ह्याच पक्षातर्फे सिनेटसाठी उभा राहून पडला होता.

१९७९ मध्ये आयोगाने फ्रँकलिन नदीला बाधणारे नवे धरण मांडले. १९८१ च्या डिसेंबरात सरकारने सार्वमत घेतले. मतपत्रिकेवर पर्याय दोन: हे धरण, की ते धरण. ‘धरण नको’ असे म्हणण्याची सोयच नव्हती. तेव्हा सुमारे तिसरा हिस्सा मतदारांनी मतपत्रिकेवर स्वतःच्या हाताने ‘धरणे नकोत’ असे लिहिले. १९७२ मध्ये ज्या प्रश्नाला ३.९ टक्के मते पडली होती, त्याच प्रश्नाचे हे उत्तर होते. पुढल्या वर्षी सत्याग्रह्यांनी नदी अडवून धरली, बाराशेंहून अधिक लोकांना अटक झाली. ब्राउनही तुरुंगात गेले. ते १९८३ च्या जानेवारीत सुटले त्याच सुमारास विधानसभेत एक जागा रिकामी झाली. हेअर-क्लार्क पद्धतीत पोटनिवडणूक नसते. गेलेल्या सभासदाच्या मतपत्रिका पुन्हा मोजतात. त्या मोजणीत ब्राउन निवडून आले. १ जुलै १९८३ रोजी ऑस्ट्रेलियाच्या सर्वोच्च न्यायालयाने चार विरुद्ध तीन अशा मतांनी केंद्राच्या बाजूने कौल दिला आणि फ्रँकलिन वाचली. १९८९ मध्ये पाच हरित सभासद निवडून आले आणि मजूर पक्षाचे मंत्रिमंडळ त्यांच्या पाठिंब्यावर उभे राहिले.

एकमताची जुनी खोड मात्र गेली नव्हती. १९९८ मध्ये दोन्ही मोठ्या पक्षांनी मिळून सभागृह पस्तीसवरून पंचवीसवर आणले. काटकसर हे सांगितलेले कारण. पण प्रत्येक मतदारसंघातून सातांऐवजी पाच निवडायचे झाल्यावर लागणारा वाटा साडेबारावरून जवळजवळ सतरा टक्क्यांवर गेला, आणि पुढच्याच निवडणुकीत हरितांच्या चारांपैकी एकच जागा उरली. पस्तीस जागा परत यायला २०२४ साल उजाडले. त्या वर्षी हरितांचे पाच आले.

पेडर खोऱ्यात तो गॅलक्सियस जातीचा इवलासा मासा आता आढळत नाही. काही मासे वेळीच दुसऱ्या तळ्यात नेऊन सोडले म्हणून वंश राहिला. १९९० नंतरच्या काही वर्षांत जलाशय उपसून सरोवर पुन्हा उघडे करावे अशी मागणी उठली, तेव्हा शास्त्रज्ञांनी तळ तपासला. केंद्रीय लोकसभेच्या समितीने १९९५ मध्ये, हे करता येण्याजोगे आहे पण करावे असे नाही, असा अभिप्राय दिला. चौपाटी मात्र तपासणीत सापडली होती. सुमारे पंधरा मीटर पाण्याखाली, गाळाच्या पातळ थराआड, ती होती तशीच पडून होती.