चोरकप्प्यातली वीस पिस्तुले

अनंत कान्हेरे यांनी नाशिकचे कलेक्टर जॅक्सन यांच्यावर गोळ्या झाडल्या, ही हकिगत वर्गात सांगताना आपण 'पिस्तूल' किंवा 'रिव्हॉल्व्हर' यांपैकी तोंडाला येईल तो शब्द वापरतो. इतिहासाच्या तासाला ते खपूनही जाते. पण १९०९ साली या दोन वस्तूंमधला फरक नवा होता आणि महत्त्वाचाही. (पिस्तूल आणि काडतूस हे दोन्ही शब्द आपल्याकडे पोर्तुगिजांबरोबर आले. शब्द टिकले, वस्तू मात्र बदलत गेली.)

१८७८ च्या हत्यार कायद्यानुसार हिंदी माणसाला परवान्याशिवाय शस्त्र बाळगता येत नसे. १९०९ च्या फेब्रुवारीत विनायक दामोदर सावरकरांनी पॅरिसहून मिळवलेली वीस ब्राउनिंग पिस्तुले लंडनहून चतुर्भुज अमीन याच्याबरोबर मुंबईला धाडली. त्याच्या सामानातल्या एका पेटीला दुहेरी तळ होता. मार्चमध्ये ती पेटी मुंबईत उतरली. तितकीच रिव्हॉल्व्हर अशा कप्प्यात दडवणे फार अवघड गेले असते. रिव्हॉल्व्हरच्या मध्यभागी पाच-सहा काडतुसांचे फिरते नळकांडे असते, त्यामुळे त्याला पोट सुटलेले असते. ब्राउनिंगची काडतुसे मुठीच्या आत एकावर एक रचलेली, म्हणून ते चपटे.

हे पिस्तूल रचले जॉन मोझेस ब्राउनिंग (१८५५–१९२६) या अमेरिकन कारागिराने. युटा राज्यातील ऑग्डेन गावच्या बंदुका बनवणाऱ्याचा हा मुलगा. बेल्जियममध्ये लिएजजवळच्या हेर्स्ताल येथील 'फाब्रिक नास्योनाल' या कारखान्याने १८९७ साली त्याच्याशी करार केला. या घराण्यातले सर्वांत गाजलेले १९०० चे मॉडेल घेऊ. नळीचा व्यास ७.६५ मिमी, वजन सुमारे ६२५ ग्रॅम, मुठीत सात काडतुसे.

शिक्षकांनी फळ्यावर मांडावा असा भाग यापुढे आहे. रिव्हॉल्व्हरमध्ये पुढचे काडतूस नळीसमोर आणण्याचे काम माणसाचे बोट किंवा अंगठा करतो. ब्राउनिंगने ते काम वाया जाणाऱ्या धक्क्याकडून करून घेतले. गोळी पुढे जाते तेव्हा काडतुसाची टोपली मागे रेटली जाते. या टोपलीच्या मागे कुलूप नाहीच. आहे ती फक्त जड सरकती स्लाइड आणि तिला पुढे लोटणारी स्प्रिंग. मग स्फोटाच्या क्षणीच सारे उघडून गरम वायू हातावर का येत नाही?

उत्तर संवेग अक्षय्यतेत आहे. गोळी सुमारे ४.६ ग्रॅमची. मागे सरकणारे भाग तिच्या ६० पट जड आहेत असे हिशेबापुरते धरा. स्प्रिंगचा आणि वायूच्या संवेगाचा वाटा सोडून द्या. गोळी नळीतून ८५ मिमी पुढे जाईपर्यंत हे भाग ८५ भागिले ६०, म्हणजे जेमतेम दीड मिलिमीटर मागे येतात. टोपली १७ मिमी लांब, म्हणजे ती अजून बहुतांशी नळीच्या आतच असते. तेवढ्यात गोळी बाहेर पडते, दाब उतरतो, आणि मिळालेल्या वेगाने स्लाइड उरलेले अंतर मागे जाते, रिकामी टोपली बाहेर फेकते आणि परत येताना नवे काडतूस आत ढकलते. कुलपाचे काम जडत्व करते! मात्र ही युक्ती लहान काडतुसालाच परवडते. काडतूस दणकट घेतले की स्लाइड खिशात न मावण्याइतकी जड करावी लागते.

यामागे रसायनशास्त्रही आहे. जुनी काळी दारू जळल्यावर तिचा निम्म्याहून अधिक भाग घनरूपात उरतो. असल्या काजळीत ही यंत्रणा लवकरच अडकून पडली असती. १८८४ साली फ्रान्समध्ये पॉल व्हिएय याने नायट्रोसेल्युलोजपासून धूरविरहित दारू तयार केली, आणि मगच अशी पिस्तुले व्यवहारात आली.

जूनमध्ये बाबाराव सावरकरांना जन्मठेपेची शिक्षा झाली. २१ डिसेंबर १९०९ रोजी विजयानंद नाट्यगृहात 'शारदा' नाटकाच्या वेळी कान्हेरे यांनी जॅक्सन यांना ठार केले. हत्यार त्या विसांपैकी एक होते. त्याआधी दोन महिनेही झाले नव्हते तेव्हा, २६ ऑक्टोबरला, हार्बिनच्या रेल्वे स्थानकावर आन जुंग-गुन या कोरियन देशभक्ताने जपानचे माजी पंतप्रधान इतो हिरोबुमी यांना मारले होते. तेही ब्राउनिंगच्या १९०० च्या मॉडेलने. १९०४ साली हेलसिंकीत रशियन गव्हर्नर-जनरल बोब्रिकोव्ह याच मॉडेलला बळी पडले. या तरुणांची एकमेकांशी ओळख नव्हती. एक कारखाना मात्र समान होता, आणि त्याचा माल कोणत्याही साम्राज्याच्या सीमा ओलांडण्याइतका लहान होता.

कान्हेरे, कृष्णाजी कर्वे आणि विनायक देशपांडे यांना १९ एप्रिल १९१० रोजी ठाण्याच्या तुरुंगात फाशी झाली. कान्हेरे तेव्हा अठरा वर्षांचे होते; आपल्या बारावीच्या वर्गातल्या मुलाएवढे. त्याच वर्षी मुंबईच्या उच्च न्यायालयात स्कॉट, चंदावरकर आणि हीटन या तीन न्यायमूर्तींसमोर अडतीस जणांवर कटाचा खटला चालला. पेटी आणणारा चतुर्भुज माफीचा साक्षीदार झाला. डिसेंबरात सावरकरांना जन्मठेप झाली, आणि जॅक्सनवधाला साहाय्य केल्याबद्दल जानेवारी १९११ मध्ये दुसरी.

जॅक्सन संस्कृतचे जाणकार होते. लोकसमजुतींबद्दल त्यांनी जमवलेल्या साहित्यातून एन्थोवेन यांनी पुढे गुजरात आणि कोकण असे दोन खंड काढले. कोकणच्या खंडातील तळटिपांत माहिती देणाऱ्यांची नावे फारशी नाहीत. तेथे गावाचे नाव आहे आणि त्यापुढे एवढेच, की ही माहिती तेथल्या शाळामास्तरांनी दिली.