गढूळ नळीच्या पुढे

सिकलसेलचा इतिहास बहुधा शिकागोपासून सांगितला जातो. जेम्स हेरिक यांनी 1910 मध्ये विळ्याच्या आकाराच्या तांबड्या पेशींची नोंद केली आणि 1949 मध्ये लायनस पॉलिंग यांनी दोष हिमोग्लोबिनच्या रेणूतच असल्याचे दाखवले. भारतात 1952 मध्ये लेहमन आणि कटबुश यांना निलगिरीतल्या आदिवासींच्या रक्तात तो सापडला. 1958 मध्ये शुक्ला आणि सोळंकी यांनी नागपूरहून मध्य भारतातल्या वाहकांविषयी ‘लॅन्सेट’मध्ये लिहिले. हा झाला संशोधकांचा इतिहास. भामरागड, एटापल्ली किंवा जिवतीच्या रुग्णाचा इतिहास यात बसत नाही, कारण आजार सापडणे वेगळे आणि अमुक पोराला तो आहे हे त्याच्या आईला कळणे वेगळे. चंद्रपूर-गडचिरोलीत या दोहोंमध्ये काही दशके गेली. त्याचे कारण लोकांच्या अज्ञानापेक्षा चाचण्यांच्या मांडणीत अधिक सापडते, असे मला वाटते.

मांडणी अशी होती. गावात पोहोचली ती विद्राव्यता चाचणी: बोटाच्या टोकातून काढलेले थेंबभर रक्त रसायनाच्या नळीत टाकायचे आणि नळीमागच्या रेघा दिसतात का ते पाहायचे. रेघा दिसेनाशा झाल्या, नळी गढूळ झाली, तर सिकल हिमोग्लोबिन आहे. चाचणी स्वस्त आणि झटपट, शिबिरात शेकडो जणांची होऊ शकते. पण तिचे उत्तर अर्धेच. वाहकाची नळीही गढूळ होते आणि रुग्णाचीही. एकाला बहुधा आयुष्यभर काही होत नाही, दुसऱ्याला हाडे पिळवटणाऱ्या वेदना, वारंवार जंतुसंसर्ग आणि रक्तक्षय. फरक सांगायला इलेक्ट्रोफोरेसिस लागते. विजेच्या प्रवाहात हिमोग्लोबिनचे पट्टे वेगळे होतात: वाहकाचे दोन, रुग्णाचा ‘एस’चा, म्हणजे सिकल हिमोग्लोबिनचा, ठळक पट्टा, पण नेहमीच्या ‘ए’चा नाही. त्याला यंत्र, वीज, तंत्रज्ञ हवा, म्हणून ही दुसरी चाचणी मोठ्या रुग्णालयात राहिली. 26 ऑगस्ट 1982 रोजी गडचिरोली चंद्रपूरपासून वेगळा जिल्हा झाला, तरी भामरागडहून जिल्ह्याचे ठिकाण दीडशे किलोमीटरच्या पलीकडेच राहिले, आणि पर्लकोटा नदीला पूर आला की तेवढाही रस्ता उरत नाही. त्यातही सर्वांत मोठी मेख नवजात बाळांची. जन्मानंतरचे काही महिने गर्भावस्थेतले हिमोग्लोबिन इतके जास्त असते की गावातल्या नळीचे उत्तर चुकू शकते. ज्या वयात निदान सर्वांत उपयोगाचे, त्याच वयात जवळची चाचणी निकामी!

यावर पहिला आक्षेप असा की ही चैन आहे, या जंगलात मुले आधी न्यूमोनियाने आणि हिवतापाने मरत होती. आक्षेप खरा आहे, पण त्यातून निघणारा निष्कर्ष उलटा आहे. डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांच्या ‘सर्च’ने गडचिरोलीत न्यूमोनियावर काम केले, तेव्हा कमी शिकलेल्या आरोग्यदूतांच्या आणि दायांच्या हाती श्वास मोजण्याची पद्धत आणि औषध ही दोन्ही दिली, आणि बालमृत्यू घटल्याचा अहवाल 1990 मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये आला. घरोघरच्या नवजात बालसेवेचा अहवाल 1999 चा. निदान आणि उपचार एकाच उंबरठ्यावर आले, की याच जिल्ह्यात आकडे बदलले. सिकलसेलच्या बाबतीत मात्र थेंब गावात, पट्टा शहरात आणि हायड्रॉक्सियुरिया या औषधाची गोळी आणखी कुठेतरी, असे झाले. शिवाय हिवतापाचे कारण पुढे करून हा आजार बाजूला सारता येत नाही. वाहकांना फाल्सिपेरम हिवतापापासून काही संरक्षण मिळते, हे अँथनी अ‍ॅलिसन यांनी 1954 मध्ये दाखवले. हिवतापाच्या मुलखात हा जनुक टिकला तो त्यामुळेच. ताप, फिकटपणा, कावीळ ही लक्षणेही दोहोंत सारखी, त्यामुळे एकाचा रुग्ण दुसऱ्याच्या खात्यावर सहज जमा होतो.

दुसरा आक्षेप अधिक नाजूक आहे: चाचणीने मुलींची लग्ने मोडतात. मोडतात, आणि ‘लग्नाआधी रक्तपत्रिका जुळवा’ असा प्रचार करताना त्याचा भार कोणाच्या घरावर पडेल याचा विचार फारसा झाला नाही. पण हे दुखणे अर्धवट उत्तराचे आहे. वाहक आणि रुग्ण यांतला फरक नीट समजावला नाही, की गढूळ नळीचा प्रत्येक जण गावाच्या नजरेत ‘सिकलवाला’ ठरतो. (माडिया आणि परधान समाजांत वाहकांचे प्रमाण मोठे आहे हे खरे, पण विदर्भातल्या बिगर-आदिवासी समाजांतही हा जनुक आहे. ‘आदिवासींचा आजार’ हे नाव सोयीचे असेल, नेमके नाही.)

आता दुसरी चाचणी जवळ येऊ लागली आहे. चंद्रपूरचे हिमोग्लोबिन-विकार संशोधन, व्यवस्थापन व नियंत्रण केंद्र 11 डिसेंबर 2022 रोजी राष्ट्राला अर्पण झाले. 1 जुलै 2023 रोजी शहडोलहून सुरू झालेल्या राष्ट्रीय मोहिमेने 40 वर्षांपर्यंतच्या 7 कोटी लोकांच्या तपासणीचे लक्ष्य ठेवले. थेंबभर रक्तावर काही मिनिटांत वाहक आणि रुग्ण वेगळे सांगणारे संचही आले आहेत. तरीही ‘इतके लाख तपासले’ या आकड्यावर समाधान मानण्याची सवय जुनीच आहे. जिल्हा आरोग्य यंत्रणेने दरवर्षी तालुकावार दोन आकडे जाहीर करावेत: किती नवजात बाळांचे पक्के निदान झाले, आणि निदान झालेल्यांपैकी कितींना लसी, पेनिसिलीन आणि योग्य वयात हायड्रॉक्सियुरिया गावाजवळच्या प्राथमिक आरोग्य केंद्रात नियमित मिळते.