मास्तरांचा बोलपट

आचार्य अत्रे म्हटले की आपल्याला आठवतो तो हशा. सभागृह दणाणून सोडणारा, प्रतिपक्षाला घायाळ करणारा. पण त्यांच्या चित्रपटातील कर्तृत्वावर ज्या दोन कृतींनी कळस चढविला, त्या काही हशासाठी ओळखल्या जात नाहीत. असे का व्हावे? मला वाटते, अत्रे मुळात मास्तर होते, हेच त्याचे उत्तर.

१८९८ साली सासवडजवळ जन्मलेला हा माणूस पुण्याच्या कॅम्पातील शाळेचा मुख्याध्यापक. विलायतेस जाऊन त्याने अध्यापनाची पदविका घेतली, मुलांसाठी 'नवयुग वाचनमाला' सिद्ध केली. बोलपटांच्या दुनियेत तो शिरला तो केवळ लेखणी घेऊन. हंस पिक्चर्ससाठी त्याने लिहिलेले 'धर्मवीर' (१९३७), 'ब्रह्मचारी' (१९३८) आणि 'ब्रँडीची बाटली' (१९३९) मास्टर विनायकांनी पडद्यावर आणले. ढोंगाची रेवडी उडवावी ती अत्र्यांनीच, असे लोक म्हणू लागले.

पण बोलपटाचा लेखक हा परक्या घरचा पाहुणा. कथा त्याची, पैसा दुसऱ्याचा आणि शेवटचा शब्द पैशाचा! अत्र्यांनी 'अत्रे पिक्चर्स' ही स्वतःची संस्था काढली, 'पायाची दासी' (१९४१) निर्माण केला. या धडपडीचे खरे मोल कळले ते मात्र महायुद्ध संपून, स्वराज्य येऊन, काही वर्षे लोटल्यावर.

साने गुरुजींनी 'श्यामची आई' नाशिकच्या तुरुंगात १९३३ साली लिहिली. गुरुजी १९५० साली गेले. कोकणातले गरीब घर, नायक एक पोर, नायिका त्याची आई, आणि तीही शेवटी मरणारी! प्रेमाचे नाव नाही, नाचरंग नाही. अशा गोष्टीवर कोणता धंदेवाईक पैसा लावील? अत्र्यांनी १९५३ साली पटकथा, दिग्दर्शन आणि निर्मिती अशी तिन्ही ओझी आपल्याच शिरावर घेतली. 'सिकंदर' (१९४१) मध्ये झळकलेल्या वनमालाबाईंना त्यांनी आईचे लुगडे नेसविले. श्याम झाला माधव वझे. राष्ट्रपतींचे सुवर्णपदक मिळविणारा हा पहिला चित्रपट. मराठीच्या वाट्याला तो मान पुन्हा आला तो 'श्वास'मुळे, २००४ साली. मध्ये अर्धशतक गेले.

या चित्रपटाला लोक मातृप्रेमाचे स्तोत्र म्हणतात. ते खरेच आहे. पण तेवढेच खरे नाही. आमच्या शहापूर-मुरबाडच्या मुलांना तो दाखविला म्हणजे आईच्या मरणापाशी ती रडतात, हे ओघानेच आले. परंतु श्यामच्या घरात कर्ज शिरते तिथे ती अगदी चिडीचूप होतात. इकडे दिवाळी सरली की कातकऱ्यांची बिऱ्हाडे वीटभट्टीच्या वाटेला लागतात. पावसाळ्यात मालकाकडून घेतलेली उचल अंगमेहनतीने फेडायची असते. हिशेब मालकाच्या वहीत. आईबाप चिखल तुडवितात, पोरे कच्च्या विटा उलथतात. कर्ज माणसाची मान कशी खाली घालते, हे या मुलांना कोणी समजावून सांगावे लागत नाही. मुलाच्या हातून चोरी होऊ नये म्हणून जपणारी आई आणि तिच्याच घरावर येणारी जप्ती, या दोन गोष्टी एकत्र पाहिल्या म्हणजे गुरुजींचे दुःख किती खोल आहे ते कळते.

आणि म्हणूनच अत्र्यांचा पुढचा चित्रपट 'महात्मा फुले' (१९५४) असावा, यात मला नवल वाटत नाही. बाबुराव पेंढारकर जोतीराव झाले, सुलोचनाबाई सावित्रीबाई. यालाही राष्ट्रपतींचे रौप्यपदक मिळाले. पहिल्या चित्रपटात कर्जाने पिचलेले घर आहे. दुसऱ्यात त्या पिचण्याचे मूळ अविद्येत शोधणारा आणि १८४८ साली मुलींची शाळा उघडणारा माणूस आहे. एका मास्तराने एकापाठोपाठ एक दिलेले हे दोन धडेच होत.

१९५६ साली अत्र्यांनी 'मराठा' दैनिक काढले आणि संयुक्त महाराष्ट्राच्या रणधुमाळीत ते आकंठ बुडाले. १९६९ साली त्यांचे निधन झाले. चित्रपटातील त्यांच्या मिळकतीचा हिशेब धंदेवाल्यांनी खुशाल मांडावा. माझ्यापुरता हिशेब निराळा आहे. दिवाळीची सुटी संपते, शाळा भरते, हजेरी घेताना काही नावांना उत्तर येत नाही. ती मुले उचल फेडायला गेलेली असतात. पहिला धडा आम्ही दरवर्षी मन लावून शिकवतो. दुसरा अजून शिकवायचा राहिला आहे.