जिवंत गहाण, मृत गहाण : चांद्याच्या बांधीपासून घराच्या हप्त्यापर्यंत

व्याजाचा दर हा कर्जातला सर्वांत ठळक आकडा असतो आणि बहुधा सर्वांत कमी सांगणारा. दर तोच असला तरी कर्ज किती वर्षे चालले, त्या काळात गहाण वस्तूचे उत्पन्न कोणी खाल्ले आणि भरलेला पैसा आधी व्याजात गेला की मुद्दलात, या तीन गोष्टींवर कर्जाची खरी किंमत ठरते. आज चंद्रपुरात वीस वर्षांच्या गृहकर्जावर सही करणारा शिक्षक किंवा कोळसा खाणीतला कामगार हा हिशेब क्वचितच मांडतो. त्याच्या आधी याच मुलखातल्या पिढ्यांनी तो मांडला नाही, मांडू शकल्या नाहीत, आणि त्यांच्या बांधी गेल्या. पूर्वीचा चांदा जिल्हा म्हणजे आजचे चंद्रपूर आणि १९८२ साली त्यातून वेगळे झालेले गडचिरोली. गहाणाची किंमत काय असते, हे समजून घ्यायला या मुलखाचा इतिहास पुरेसा आहे.

शब्दांतच दडलेला हिशेब

इंग्रजीतल्या ‘मॉर्गेज’ या शब्दाचा मूळ अर्थ ‘मृत गहाण’. बाराव्या शतकातल्या इंग्लंडच्या कायद्याने दोन प्रकारची गहाणे ओळखली होती. जमिनीचे उत्पन्न घेता घेता धनको त्यातून मुद्दल वळते करत असेल, तर ते जिवंत गहाण. उत्पन्न धनकोने खायचे आणि मुद्दल मात्र होते तेवढेच राहायचे, तर ते मृत गहाण. पहिल्यात जमीन स्वतःला सोडवते; दुसऱ्यात ती कितीही पिकली तरी सुटत नाही.

आपल्या धर्मशास्त्रालाही हा भेद ठाऊक होता. गहाण वस्तूला तेथे ‘आधी’ म्हणत. नुसती सांभाळायची ती गोप्य आधी, आणि जिचा उपभोग धनकोने घ्यायचा ती भोग्य आधी. याज्ञवल्क्य स्मृतीचा दंडक असा, की कर्ज दुप्पट झाले आणि गहाणाच्या उत्पन्नातून तेवढी दुप्पट रक्कम धनकोच्या पदरात पडली, की त्याने वस्तू सोडून द्यावी. दामदुपटीचा नियम याच परंपरेतला : एका वेळी थकलेले व्याज मुद्दलापेक्षा अधिक मागता येणार नाही. कौटिल्याने तर व्याजाचे दर ऋणकोच्या वाटेवरून लावले आहेत. सामान्य व्यवहारात शेकडा महिना सव्वा पण, व्यापारात पाच, अरण्यातून जाणाऱ्यांसाठी दहा आणि समुद्रावर जाणाऱ्यांसाठी वीस. अरण्यात जोखीम मोठी, म्हणून दर मोठा. पुढे दोन हजार वर्षांनी अरण्यात राहणाऱ्याला महाग कर्ज मिळाले, त्यामागे जोखमीइतकाच पर्यायांचा अभावही होता.

मराठी दस्तऐवजांत तीन शब्द वारंवार भेटतात. नजरगहाण म्हणजे जमीन मालकाकडेच, फक्त दस्तावर बोजा. ताबेगहाण म्हणजे ताबा आणि पीक सावकाराकडे. मुदतखरेदी म्हणजे ठरलेल्या मुदतीत पैसे परत केले नाहीत तर विक्री कायम. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याने या तिन्ही प्रकारांना कलमांत बसवले. ताबेगहाणाचे उत्पन्न व्याजापोटी धरायचे, मुद्दलापोटी धरायचे की दोन्हींत वाटायचे, हे मात्र त्याने दस्तावर सोडले. गहाण जिवंत की मृत, हे त्या एका ओळीवर ठरे. आणि दस्त लिहिणाऱ्यासमोर बसलेल्या शेतकऱ्याला बहुधा ती ओळ वाचता येत नसे.

मालकी आली, पाठोपाठ गहाण आले

१८५४ साली नागपूरचे भोसल्यांचे राज्य खालसा झाले आणि चांदा इंग्रजी अमलाखाली आला. १८६१ मध्ये मध्य प्रांत स्थापन झाला. त्या दशकात जमीन महसुलाची बंदोबस्त मोजणी झाली. चांद्याचा बंदोबस्त मेजर ल्युसी स्मिथ यांनी केला आणि त्याचा अहवाल १८६९ साली निघाला. या बंदोबस्ताने मालगुजाराला गावाची मालकी दिली. तोवर तो गावाचा सारा गोळा करून भरणारा मक्तेदार होता. आता त्याच्या हाती विकता येईल, गहाण टाकता येईल असा हक्क आला. कुळांच्या हक्कांचेही वर्गीकरण झाले आणि त्यांतल्या काहींना जमीन हस्तांतरित करता येऊ लागली.

हा बदल सुधारणा म्हणून आला, आणि काही अंशी तो सुधारणा होताही. पण ज्याच्या नावावर जमीन नाही, त्याची जमीन गहाण पडत नाही. मालकी ही कर्जाची पहिली पायरी असते. पत वाढली, कर्ज वाढले, आणि कर्ज फिटेना तेव्हा द्यायला आता जमीन होती. पूर्वेकडे आणि दक्षिणेला, अहेरीसारख्या जमीनदाऱ्यांत, भामरागडच्या डोंगरांत फिरती शेती करणाऱ्या माडिया गोंडांकडे गहाण टाकण्याजोगा कागदच नव्हता. वैनगंगेच्या खोऱ्यातल्या धानाच्या बांधींचा मात्र कागद होता.

घराचेही तसेच. या मुलखातले घर सागाच्या वा येनाच्या लाकडाचे, बांबूच्या कुडाचे, मातीचे. लाकूड जंगलातून यायचे, श्रम गावाचे. निस्तार हक्क म्हणतात तो हाच : घरबांधणीला, जळणाला, शेतीच्या अवजारांना जंगलातून नेण्याची मुभा. १८७८ च्या वनकायद्यानंतर राखीव जंगलांची हद्द ठरत गेली, निस्तार परवान्याच्या आणि सवलतीच्या कक्षेत आला. तेव्हापासून घर ही हळूहळू रोख पैशाची बाब झाली. गृहकर्जाचा इतिहास बँकेपासून सुरू करण्याची सवय आहे. या जिल्ह्यांत तो जंगलाच्या कुंपणापासून सुरू करावा लागतो.

दिडीचे गणित

रोख कर्जापेक्षा धानाचे कर्ज जुने. पावसाळ्याच्या तोंडाशी बियाणे आणि पोटाला धान घ्यायचे आणि पीक आल्यावर सवाईने किंवा दिडीने परत करायचे. दिडी म्हणजे एका खंडीला दीड खंडी. सहा महिन्यांचा मामला, म्हणून दर फारसा टोचत नाही. पण एका वर्षी पाऊस दगा देतो, बाकी पुढच्या हंगामावर चढते, आणि तिच्यावरही दिडी लागते. पाच हंगाम काहीच फेडता आले नाही, तर एका खंडीची साडेसात खंडी होते. १८९६-९७ आणि १८९९-१९०० या दोन दुष्काळांनी मध्य प्रांताला लागोपाठ झोडपले. अशा वेळी बाकी फिरवण्याखेरीज कुळाकडे पर्याय नसे, आणि फिरवलेली बाकी शेवटी गहाणखतावर येई.

१९३० च्या मंदीने आणखी एक गोष्ट दाखवली. कर्ज रुपयांत लिहिलेले आणि मिळकत धानात. धानाचा भाव निम्म्यावर आला, की तेच कर्ज फेडायला दुप्पट धान लागते. व्याजाचा दर पैशानेही हललेला नसतो, तरी कर्ज दुप्पट झालेले असते. कर्जाच्या किमतीचे हे अंग कोणत्याही दस्तात लिहिलेले नसते.

कायद्याची उलटी वाट

पश्चिम महाराष्ट्रात १८७५ साली सुप्यात शेतकऱ्यांनी सावकारांच्या वह्या आणि दस्त जाळले, आणि १८७९ चा दख्खन शेतकरी साहाय्य कायदा आला. कागदावरची रक्कम प्रमाण न मानता व्यवहाराचा मुळापासून हिशेब उकरण्याचा अधिकार त्याने न्यायालयाला दिला. मध्य प्रांतात पावले पुढे पडत गेली : १९१६ चा जमीन हस्तांतरणावरील निर्बंधाचा कायदा, १९३३ चा कर्ज तडजोड कायदा, १९३४ चा सावकारी कायदा, १९३९ चा कर्जनिवारण कायदा. १९४४ साली ग्रिगसन यांनी मध्य प्रांत व वऱ्हाडातल्या आदिवासींच्या प्रश्नावर केलेली पाहणी प्रसिद्ध झाली, तिच्यातही जमीन आणि कर्ज हे मध्यवर्ती विषय होते. १९५१ साली मालगुजारी आणि जमीनदारी गेली. पण त्याच सुमारास झालेल्या अखिल भारतीय ग्रामीण पतपाहणीत असे दिसले, की ग्रामीण कर्जापैकी सुमारे ७० टक्के अजून सावकारांकडूनच येत होते आणि सहकारी संस्थांचा वाटा जेमतेम ३ टक्के होता. मालगुजार गेला, सावकार राहिला.

महाराष्ट्राने मग सर्वांत मोठे पाऊल उचलले. १९७४ च्या कायद्यानुसार १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ या काळात बिगरआदिवासींकडे गेलेल्या आदिवासींच्या जमिनी परत करण्याची तरतूद झाली. सर्वोच्च न्यायालयाने १९८४ साली हा कायदा वैध ठरवला. त्याच वेळी महसूल संहितेत दुरुस्ती होऊन आदिवासीची जमीन बिगरआदिवासीकडे विक्रीने, गहाणाने वा भाड्याने देण्यावर सरकारी मंजुरीची अट आली. मात्र १ एप्रिल १९५७ च्या आधी गेलेली जमीन या कायद्याच्या बाहेरच राहिली. शिवाय जमीन परत घेणाऱ्यालाही ठरावीक रक्कम भरावी लागे आणि ती स्वतः कसण्याची हमी द्यावी लागे. आजोबाने घेतलेल्या कर्जाचा हप्ता नातवाने भरायचा, असाच हा प्रकार.

वीस लाखांचा हिशेब

आता आजच्या घराकडे येऊ. वीस लाखांचे कर्ज, साडेआठ टक्के व्याज, वीस वर्षांची मुदत. मासिक हप्ता सुमारे १७,३५६ रुपये. पहिल्या हप्त्यातले १४,१६७ रुपये व्याजाचे आणि फक्त ३,१८९ मुद्दलाचे. दहा वर्षांनी, म्हणजे निम्मी मुदत संपल्यावर, कर्जदाराने २० लाख ८३ हजार भरलेले असतात. घेतले त्याहून अधिक. तरीही सुमारे १४ लाख मुद्दल शिल्लक असते. अखेरीस एकूण भरणा ४१ लाख ६५ हजारांवर जातो. हप्ता हलका व्हावा म्हणून मुदत तीस वर्षे केली, तर महिन्याला जेमतेम दोन हजार वाचतात आणि एकूण भरणा ५५ लाख ३६ हजार होतो. महिन्याच्या दोन हजारांची किंमत पावणेचौदा लाख.

गृहकर्ज हे तत्त्वतः जिवंत गहाण आहे. दर हप्त्यात मुद्दल थोडे तरी उतरते. पण पहिली काही वर्षे ते मृत गहाणाच्या इतके जवळ असते, की फरक शोधावा लागतो. दर तरता असेल तर तोही फरक पुसला जाऊ शकतो. सात टक्क्यांनी घेतलेल्या वीस लाखांचा वीस वर्षांसाठी हप्ता १५,५०६ रुपये. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या काळात रिझर्व्ह बँकेचा रेपो दर अडीच टक्क्यांनी वाढला. हा कर्जदार सुरुवातीलाच साडेनऊ टक्क्यांवर गेला आणि हप्ता तोच ठेवला, तर महिन्याचे व्याजच १५,८३३ रुपये होते. हप्ता नियमित, तरी कर्ज वाढते आहे. ही दिडीच, फक्त बँकेच्या संगणकावरची. म्हणूनच रिझर्व्ह बँकेने ऑगस्ट २०२३ मध्ये सांगितले, की दर बदलताना हप्ता वाढवायचा की मुदत, हे कर्जदाराला विचारा आणि मुदत वाढवताना कर्ज फुगणार नाही याची काळजी घ्या.

येथे एक विसंगती दिसते. महाराष्ट्राच्या २०१४ च्या सावकारी कायद्यानुसार परवानाधारक सावकाराला मुद्दलापेक्षा अधिक व्याज वसूल करता येत नाही. बँका या कायद्याच्या कक्षेत येत नाहीत. वरच्या उदाहरणात वीस वर्षांतले व्याज २१ लाख ६५ हजार, म्हणजे मुद्दलाहून जास्त. बँकेचा दर सावकाराहून पुष्कळ कमी असतो, तिचा हिशेब उघड असतो, आणि जुनी दामदुपटही थकलेल्या व्याजापुरतीच होती, हे खरे. पण मुदत लांबली की कमी दरही दुपटीपलीकडे नेतो, हेही तितकेच खरे. उपाय साधा आहे आणि तो कर्जदाराच्याच हाती आहे. वैयक्तिक तरत्या दराच्या गृहकर्जावर बँकांना मुदतपूर्व फेडीचा दंड घेण्यास २०१२ पासून मनाई आहे. वरच्या वीस लाखांच्या कर्जावर वर्षाला एकच जादा हप्ता भरला, तर ते सुमारे साडेसोळा वर्षांत फिटते आणि चारेक लाख वाचतात.

न पडणारे गहाण

या जिल्ह्यांतल्या मोठ्या लोकसंख्येला मात्र हा हिशेब लागूच होत नाही. २००६ च्या वनहक्क कायद्याखाली मिळालेला पट्टा वारसाला जातो, पण विकता वा हस्तांतरित करता येत नाही. धानोरा तालुक्यातल्या मेंढा (लेखा) या गावाला २००९ साली सामूहिक वनहक्क मिळाला. २०११ साली गावाने स्वतःच्या वाहतूक परवान्यावर स्वतःचा बांबू विकला. २०१३ साली गावकऱ्यांनी ग्रामदान कायद्याखाली आपल्या खासगी जमिनी ग्रामसभेच्या नावे केल्या. दीडशे वर्षांपूर्वी बंदोबस्ताने जी पायरी बांधली, ती या गावाने समजून उमजून उतरून टाकली.

त्याचीही किंमत आहे, आणि ती लपवण्यात अर्थ नाही. जे गहाण पडू शकत नाही, त्यावर बँक स्वस्त कर्ज देत नाही. पक्के घर हवे असेल तर घरकुल योजनेची रांग; गडचिरोलीसारख्या जिल्ह्यासाठी प्रधानमंत्री आवास योजनेने २०१६ पासून धरलेले अनुदान १ लाख ३० हजार रुपयांचे. त्यापलीकडे लागेल ते विनातारण कर्ज, म्हणजे पुन्हा महाग दर. सुरक्षित जमीन आणि स्वस्त पत या दोन्ही गोष्टी एकाच सात-बाऱ्यावर मिळत नाहीत. चंद्रपूरचा पगारदार पत घेतो आणि वीस वर्षे बांधून घेतो. मेंढ्याचा शेतकरी बांधून घेत नाही आणि पतीविना राहतो.

या दोघांपैकी शहाणा कोण, हा प्रश्न फसवा आहे. पगारदाराची मिळकत दर महिन्याला ठरलेली येते. धान पिकवणाऱ्याची पावसावर. मासिक हप्ता पहिल्याला पेलतो, दुसऱ्याला बुडवू शकतो, आणि चांद्याच्या इतिहासात तो बुडालेला आहे. म्हणून सही करण्याआधी दर विचारून थांबू नये. पहिल्या पाच वर्षांत मुद्दल किती उतरेल, दर दोन टक्क्यांनी वाढला तर हप्त्यात व्याज तरी निघेल का, आणि एक वर्ष मिळकत थांबली तर बाकी कुठवर जाईल, हे तीन आकडे कागदावर मागून घ्यावेत. दिडीने धान उचलणाऱ्याला असा कागद कधी मिळाला नाही. आपल्याला तो मागता येतो.