चेंडू वेचणारा शिक्षक

टेनिसच्या इतिहासांत जेत्यांचीं नांवें सोनेरी अक्षरांनीं लिहिलेलीं आढळतात. रोज सकाळीं त्यांच्याकडून सराव करून घेणारांचीं नांवें क्वचितच सांपडतात. डॅन मॅस्केल हें अशा क्वचितांपैकीं एक नांव होय.

त्याचा जन्म १९०८ सालीं लंडनच्या फुलहॅम भागांत झाला. १९२३ सालीं हा मुलगा क्वीन्स क्लबांत चेंडू वेचण्याच्या कामावर लागला आणि लौकरच तेथें कनिष्ठ शिक्षक झाला. या पायरीनें त्याचें सारें आयुष्य ठरवून टाकलें. त्या काळीं टेनिस हा हौशी लोकांचा खेळ मानला जाई. शिकविण्याबद्दल कोणी मोबदला घेतला कीं तो 'धंदेवाईक' ठरे, आणि विंबल्डनच्या स्पर्धेचें दार त्याला बंद होई. ज्याच्या घरीं पैसा त्यानें खेळावें, ज्याला पोट भरावयाचें त्यानें शिकवावें, असा हा न्याय! प्रवासखर्चाच्या नांवाखालीं पैसे घेणारे कित्येक खेळाडू मात्र हौशीच राहिले. या नियमांत खेळाच्या शुद्धतेची चिंता किती आणि वर्गाभिमान किती, हें सांगण्याची गरज नाहीं.

धंदेवाइकांना आपापसांत खेळण्याची मुभा होती. त्यांच्या ब्रिटिश स्पर्धेचें अजिंक्यपद मॅस्केल यांनीं १९२८ ते १९५१ या काळांत १६ वेळां मिळविलें. १९२९ सालीं ऑल इंग्लंड क्लबानें त्यांना शिक्षक नेमलें. ज्या स्पर्धेंत पाऊल टाकण्याची मनाई, तिच्यासाठींच ते आतां इतरांना तयार करूं लागले.

त्यांच्या कामाचें चीज झालें तें १९३३ सालीं, पॅरिसमध्यें. डेव्हिस चषक १९२७ पासून फ्रान्सकडे होता. ब्रिटननें तो शेवटचा जिंकला होता १९१२ सालीं. मॅस्केल शिक्षक म्हणून ब्रिटिश संघाबरोबर गेले. फ्रेड पेरी आणि बनी ऑस्टिन यांनीं पहिले दोन सामने जिंकले. पुढें दुहेरीचा सामना हातचा गेला, कोशेनें ऑस्टिनला हरविलें, आणि दोन्ही बाजू समसमान झाल्या. उरला पेरी-मर्लिन सामना. पहिला डाव पेरीनें ४-६ असा गमावला, दुसरा मोठ्या कष्टानें ८-६ असा घेतला, आणि पुढचे दोन ६-२, ७-५ असे जिंकले. एकवीस वर्षांनीं चषक ब्रिटनकडे परत आला व १९३६ पर्यंत तेथेंच राहिला. त्या वर्षाच्या अखेरीस पेरी स्वतःच धंदेवाईक झाला, आणि तीन वेळां विंबल्डन जिंकणारा हा वीरहि त्या स्पर्धेला पारखा झाला.

युद्धकाळांत मॅस्केल यांनीं जखमी वैमानिकांना पुन्हां चालतें-फिरतें करण्याचें काम केलें. १९४९ पासून ते बी.बी.सी.च्या नभोवाणीवर विंबल्डनचें वर्णन करूं लागले, १९५१ पासून दूरचित्रवाणीवर. मोजके शब्द आणि दीर्घ मौन, ही त्यांची रीत. चेंडू काय करतो तें प्रेक्षकाला दिसतेंच, हें त्यांना उमगलें होतें; पुष्कळ निवेदकांना तें उमगत नाहीं.

१९६८ सालीं विंबल्डननें अखेर धंदेवाइकांना दार उघडलें. रॉड लेव्हर जिंकला. मॅस्केल तेव्हां साठ वर्षांचे होते, आणि ध्वनिक्षेपकापुढें बसून त्या स्पर्धेचें वर्णन करीत होते. तें काम त्यांनीं १९९१ पर्यंत केलें. १९९२ च्या डिसेंबरांत ते वारले.